फौजेतून परतलेल्या माणसाला घरात पुन्हा जागा कशी द्यायची?

पारोळा तालुक्यातल्या एका ताईंनी विचारलं आहे. त्यांचे मिस्टर हवालदार म्हणून निवृत्त होऊन गावी आले. नोकरीतली बरीच वर्षं काश्मीरमध्ये गेली, शेवटची पोस्टिंग पूंछकडच्या चौकीवर. आता रात्री दोन-तीन तासांवर झोप नाही, उठून दारांच्या कड्या तपासत फिरतात. चुलतदिराच्या वरातीत फटाक्यांची लड लागली तेव्हा त्यांनी मुलीला ओढून ट्रॅक्टरच्या चाकामागे दाबून धरलं. पोरगी घाबरून रडली, लोक हसले, आणि तेव्हापासून लग्नाला जाणं बंद. रोज मिलिटरी कॅन्टीनच्या दारूची बाटली लागते. रब्बीला रात्रीची लाइट असली की गव्हा-हरभऱ्याला पाणी भरायला तेच जातात. 'तेवढं तरी करतो' असं सासरे म्हणतात. सासूबाईंना वाटतं नजर लागली. गावात म्हणतात, 'त्याले काय कमी शे? पेन्शन शे, वावर शे.' डॉक्टरचं नाव काढलं की 'मी काय वेडा आहे?' म्हणून उठून जातात. हे आपोआप जाईल का, आणि नाही गेलं तर मी काय करू, असा ताईंचा प्रश्न आहे.

ताई, आधी सरळ उत्तर देतो. यातलं काही काळाबरोबर निवळेल, काही निवळणार नाही. जे निवळणार नाही त्यावर उपचार आहेत, ते लागू पडतात, आणि त्यासाठी मुंबई-पुण्याला जायची वेळ बहुतेकदा येत नाही. मी मनोविकारतज्ज्ञ आहे, माझी प्रॅक्टिस खान्देशातच आहे, आणि फौजेतून परतलेली बरीच माणसं आणि त्यांची घरं मी पाहिली आहेत. त्या घरांत एक गोष्ट सारखी दिसते. घरचे प्रेमापोटी त्याला इतकं सांभाळून घेतात, की हळूहळू त्या घरात त्याच्यावाचून काहीच अडेनासं होतं. तुमच्या पत्रातही त्याच्या खुणा आहेत, म्हणून मी त्यावर जास्त लिहिणार आहे.

पण आधी सवय कुठली आणि आजार कुठला ते बघू. पहाटे साडेचारला जाग येणं, पाच मिनिटांत ताट संपवणं, चपला वेड्यावाकड्या दिसल्या की चिडणं, 'आलोच' म्हणून तासाभरानं उगवणाऱ्या माणसावर भडकणं, या सवयी झाल्या. अर्धं आयुष्य पीटी, रोलकॉल आणि ड्युटीत गेलेल्या माणसाच्या अंगात त्या असणारच. सहा महिने, वर्षभरात त्या बोथट होतात. नाही झाल्या तरी संसार मोडत नाही.

वरातीत झालं ते वेगळं. चौकीवर गोळा पडतो तेव्हा आवाज ऐकून, विचार करून, मग आडोसा शोधणारा माणूस वाचत नाही. आवाजाबरोबर जमिनीला टेकणारा वाचतो. तुमच्या मिस्टरांचं शरीर हे शिकलं आणि त्यामुळेच ते आज घरी आहेत. लड वाजली तेव्हा त्यांनी पोरीवर हात उगारला नाही, तिला आडोशाला घेतलं. मुलीला हे याच शब्दांत सांगा, आणि लवकर सांगा. 'पप्पांना वाटलं तुला लागेल, म्हणून त्यांनी तुला झाकलं.' शाळकरी पोरीला एवढं पुरतं. काहीच नाही सांगितलं तर ती स्वतःच अर्थ लावते, आणि पोरं लावतात तो अर्थ बहुधा 'माझंच काहीतरी चुकलं' असा असतो.

या त्रासाला आम्ही पीटीएसडी म्हणतो, म्हणजे जिवावरच्या प्रसंगानंतर मागे राहिलेला मनाचा आजार. पहिल्या महायुद्धात, 1915 च्या सुमारास, ब्रिटिश डॉक्टरांनी त्याला 'शेल शॉक' म्हटलं. 1980 मध्ये अमेरिकेतल्या मनोविकारतज्ज्ञांच्या अधिकृत यादीत तो आजच्या नावानं आला. चार गोष्टी एकत्र दिसतात. घडलेला प्रसंग न बोलावता परत येतो, स्वप्नात किंवा दिवसाढवळ्या. त्याची आठवण करून देणाऱ्या जागा, माणसं, आवाज माणूस टाळायला लागतो. मन सुन्न होतं. कशातच गोडी वाटत नाही, स्वतःचाच राग येतो. आणि शरीर सतत पहाऱ्यावर असतं. हे महिनाभराच्या वर चाललं आणि त्यात झोप, काम, नाती मोडायला लागली, की तो स्वभाव राहत नाही, आजार असतो. तुम्ही लिहिलेल्यावरून मला हाच संशय आहे. पक्कं निदान त्यांना समोर बसवूनच होईल.

'नोकरीत होते तेव्हा तर ठीक होते, घरी आल्यावर कसं काय सुरू झालं?' हे तुम्ही विचारलं नाही, पण प्रत्येक घर विचारतं. आघातानंतर सहा महिन्यांनी किंवा त्याहूनही उशिरा पूर्ण आजार दिसणं ठाऊक असलेली गोष्ट आहे. शिवाय युनिटमध्ये सगळेच अर्धवट झोपलेले, सगळेच आवाजाला दचकणारे. तिथे ते खपून जातं, उलट तेच कामाचं असतं. रिकामा वेळ नसतो. गावी आल्यावर दुपारी ओट्यावर बसायला वेळच वेळ असतो आणि शेजारी तसं कोणी नसतं.

आपल्या भागाबद्दल एक बोलतो. खान्देशाचा आणि पलटणीचा संबंध जुना आहे. 1825 मध्ये जेम्स औट्रमनं धरणगावला भिल्ल कोअर, म्हणजे भिल्लांची पलटण, उभी केली होती. आजही भरतीची तयारी करणारी पोरं गावोगावच्या रस्त्यांवर पहाटे पळताना दिसतात. माणूस निवृत्त होऊन आला की सेवापूर्ती सोहळा होतो, उघड्या जीपमधून मिरवणूक, बायका औक्षण करतात, डीजे लागतो आणि फटाकेही फुटतात. मला या सोहळ्याचा आदर आहे. गावानं मान द्यावाच. पण सोहळ्याच्या दुसऱ्या दिवसापासून त्या माणसाचं काय, याची आपल्याकडे काहीच रीत नाही. 15 ऑगस्टला झेंड्यापाशी उभा करतात, बाकी वर्षभर 'मेजर, राम राम'.

आता सांभाळून घेण्याबद्दल. तुम्ही लिहिलं आहे की ते घरात असले की टीव्ही बंद असतो, पोरांना काकांकडे अभ्यासाला पाठवता, पाहुण्यांना परस्पर 'त्यांना बरं नाही' सांगता, लग्नाचं आमंत्रण आलं तर त्यांच्या कानावर घालत नाही. यातली प्रत्येक गोष्ट मायेनं केलेली आहे. पण भीतीचा नियम असा, की जे टाळावं त्याची भीती वाढते. आधी वरात टाळली, मग लग्न, मग बाजार, मग एसटी. टाळण्यात घर सामील झालं की हे वर्तुळ फार लवकर आवळतं, आणि शेवटी माणूस एका खोलीत उरतो. तिथे त्याला कळतं, की घर आपल्याविनाच चाललंय.

तुमच्याकडे तर ते वर्षानुवर्षं त्यांच्याविना चाललेलं आहेच. जवानाला वर्षाला 60 दिवसांची सुट्टी आणि 30 दिवसांची किरकोळ रजा; बाकीचं वर्ष तुम्ही काढलंत. बँक, सातबारा, सालदाराचे पैसे, पोरांची शाळा, सासूबाईंचं दवाखान्याचं, सगळं तुमच्या हातात. पोरांना माहीत असलेला बाप सुट्टीत येणारा, खाऊ आणणारा. तो कायमचा घरी आला आणि पहिल्याच आठवड्यात कपाट कसं लावावं हे सांगायला लागला, की सगळ्यांना जड जातं. त्यांचंही बघा. सेक्शनमधली दहा माणसं ज्याच्या शब्दावर हलत होती, त्याला घरात मिठाचा डबा कुठे आहे ते विचारावं लागतं.

म्हणून त्यांना एखादं काम पूर्णपणे द्या. मदत म्हणून देऊ नका, त्यांच्या नावावर द्या. ते काम दिवसाचं असावं, त्याला ठरलेली वेळ असावी, आणि त्यात दुसऱ्या माणसाशी दोन शब्द बोलावे लागावेत. सकाळी डेअरीवर दूध घालून चिठ्ठी आणणं आणि दहा दिवसांचा हिशेब ठेवणं हे मला फार आवडतं. वेळ पक्की, रोज तीच चार माणसं, गर्दी नाही, आणि एक दिवस चुकला तर घराला कळतं. त्यांनी हिशेबात चूक केली तर तुम्ही मागून दुरुस्त करू नका. त्यांनाच करू द्या. धाकट्याला शाळेत सोडणं, कृषी केंद्रातून खत-बियाणं आणणं, हेही चालेल. गावातली भरतीची पोरं पळायला शिकवा म्हणून मागे लागली असतील तर तेही चांगलं काम आहे, फक्त पहिल्या वर्षी तेच एक काम नको. त्यात माणूस पुन्हा फौजेतला उस्तादच होतो, घरी परतत नाही.

आणि रात्रीचं पाणी त्यांच्याकडून काढून घ्या. हे मी जोर देऊन सांगतो, कारण खान्देशातल्या शेतकरी घरांत हे सर्रास होतं आणि कोणाला त्यात वावगं दिसत नाही. 'तसंही त्याला झोप नाही, मग जाऊ दे मोटारीवर.' काळोखात, एकट्यानं, हातात बॅटरी, प्रत्येक खसफशीवर कान. ही तर संत्री ड्युटीच झाली! त्यांच्या मेंदूला आपण रोज रात्री सांगतो की पहारा संपलेला नाही. वर रात्र जागून ते सकाळी दहापर्यंत पडतात, मग दुपारी चहा, रात्री पुन्हा जाग. निदान उपचार सुरू होऊन झोप बसेपर्यंत सासऱ्यांनी सालदाराकडून किंवा भाऊबंदांशी पाळी बदलून भागवावं. सासऱ्यांना पटवा, की हे लाड नाहीत, पथ्य आहे.

झोपेत ते ओरडले किंवा हातपाय झाडले तर अंगाला हात लावून उठवू नका. पायथ्याशी थोडं लांब उभं राहून नावानं हाक मारा, दिवा लावा, 'तुम्ही घरी आहात' एवढंच म्हणा. काही दिवस वेगळं अंथरूण घालावं लागलं तर त्यात अपमान नाही. दोघांनी दिवसा बोलून ठरवा. कडी तपासण्याचं असं करा: झोपण्यापूर्वी दोघांनी मिळून एकदा, सगळी दारं. नंतर ते उठले तर 'आपण बघितली होती' एवढंच. हसू नका, चिडू नका.

बाटलीचं दोन पातळ्यांवर बघायचं. दारूनं डोळा लवकर लागतो हे खरं, पण उत्तररात्री ती झोप मोडते आणि स्वप्नं जास्त जोरात येतात. म्हणजे ज्या त्रासासाठी ते घेतात तो तीच वाढवते, आणि दुसऱ्या दिवशी आणखी एक पेग लागतो. पण म्हणून बाटली लपवू नका आणि एकदम बंद करायलाही लावू नका. रोज भरपूर पिणाऱ्यानं अचानक सोडली तर दोन-तीन दिवसांत थरथर, फिट, भास होऊ शकतात, जीवावरही बेतू शकतं. ती डॉक्टरांच्या देखरेखीखालीच सोडायची. आणि मेडिकलवाल्याकडून झोपेच्या गोळ्या आणून देऊ नका. दारूबरोबर त्या धोक्याच्या आहेत, आणि या आजारात त्यांनी मूळ त्रास हटत नाही.

एक गोष्ट हमखास राहून जाते, ती कानांची. गोळीबार आणि तोफांच्या आवाजात वर्षं काढलेल्या माणसाचं ऐकणं वरच्या पट्टीत कमी झालेलं असतं. बायकांचे आणि लहान मुलांचे आवाज आधी हरवतात, त्यातही पंखा किंवा भांड्यांचा आवाज चालू असला की जास्त. तुम्ही तीनदा हाक मारता, ते बघत नाहीत. तुम्हाला वाटतं मुद्दाम. चौथ्यांदा तुम्ही ओरडता आणि ते दचकून भडकतात. अशी किती भांडणं निव्वळ कानामुळे झालेली मी पाहिली आहेत. कान-नाक-घशाच्या डॉक्टरांकडे तपासणी करून घ्याच. डोक्याला कधी मार लागला होता का, स्फोटाच्या जवळ होते का, हेही डॉक्टरांना सांगा.

आता दवाखान्यात न्यायचं कसं. 'मानसिक' हा शब्द तूर्त बाजूला ठेवा. झोपेच्या दारानं आत जा. झोप येत नाही हे त्यांनाही मान्य आहे, त्यात कमीपणा नाही. 'झोपेचं दाखवून येऊ, कान तपासू, शुगर-बीपी बघू' एवढं पुरे. ईसीएचएसचं, म्हणजे माजी सैनिकांच्या आरोग्य योजनेचं, कार्ड असेलच. ही योजना 2003 पासून आहे, जवळच्या पॉलिक्लिनिकमध्ये डॉक्टरांना दाखवलं की ते मनोविकारतज्ज्ञाकडे रेफर करतात. घरच्यांचं ऐकत नसतील तर त्यांच्याच पलटणीतला, आजूबाजूच्या तालुक्यातला कोणी निवृत्त सोबती शोधा. आई-वडिलांनी, मेहुण्यांनी महिनोन्‌महिने समजावून जे होत नाही ते 'चल, मी पण गोळी घेतो' या त्याच्या एका वाक्यानं होतं. फोनवरून सुरुवात करायची असेल तर टेलिमानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा 14416 हा नंबर दिवसरात्र चालतो, फुकट आहे, मराठीत बोलता येतं. फौजेतल्या लोकांसाठी आणि त्यांच्या घरच्यांसाठी पुण्याच्या एएफएमसी या सैन्यदलाच्या वैद्यकीय महाविद्यालयात डिसेंबर 2023 पासून त्याचा खास कक्ष आहे. आधी तुम्ही स्वतः फोन केलात तरी चालेल.

उपचारात काय होतं ते सांगतो, म्हणजे धास्ती कमी होईल. शॉक देत नाहीत, डांबून ठेवत नाहीत. सर्ट्रालिनसारखी गोळी सुरू करतात. तिचा गुण दिसायला चार-सहा आठवडे लागतात, म्हणून आठवड्यात 'काही फरक नाही' म्हणून सोडायची नाही. त्याबरोबर बोलण्याचे उपचार, आठवड्यातून एकदा, साधारण तीन-चार महिने. त्यात घडलेला प्रसंग सुरक्षित जागी, त्यांच्या गतीनं, पुन्हा पुन्हा सांगायला लावतात. जे टाळलं जातं ते पायरीपायरीनं जवळ आणतात: आधी मोबाइलवर बारीक आवाजात फटाके, मग लांबून, मग लग्नात जेवणापुरतं. वरात शेवटी. हे स्वतःच्या मनानं घरी करू नका.

प्रसंग काढून घ्यायची घाई तुम्ही करू नये. पण त्यांनी स्वतःहून बोलायला घेतलं तर उठू नका. पुष्कळदा त्यात भीतीपेक्षा अपराध जास्त असतो. ड्युटी बदलली होती आणि त्या जागी दुसरा गेला, असं काहीतरी. तेव्हा लगेच 'तुमची काय चूक त्यात' म्हणू नका. त्यांनी ते स्वतःला हजारदा म्हणून पाहिलेलं असतं. त्या सोबत्याचं नाव विचारा, त्याच्या घरी कोण आहे ते विचारा. गावातली पोरं 'किती मारले?' विचारतात तिथे मात्र तुम्ही किंवा दिरांनी मध्ये पडून विषय तोडा, सगळ्यांसमोर.

सासूबाईंशी भगतावरून भांडू नका. अंगारा लावतील, कानबाईला नवस बोलतील, बोलू द्या. आईचं मन आहे. दोनच अटी: गोळ्या थांबणार नाहीत, आणि मारझोड, मिरचीची धुरी असलं काही होणार नाही.

निवृत्तीचे एकरकमी पैसे आले असतील. ट्रॅक्टर, बोअर, मेहुण्याला उसने, भावांची वाटणी, असले निर्णय निदान वर्षभर लांबवा. झोप नसलेल्या माणसानं केलेले व्यवहार पुढे फार महाग पडतात.

हे पुढचं मी प्रत्येक घराला सांगतो. 'मी नसतो तर बरं झालं असतं' अशा अर्थाचं ते काही बोलले, किंवा अचानक सगळ्यांचे हिशेब मिटवायला लागले, तर थेट विचारा: 'जीव द्यायचा विचार येतो का?' विचारल्यानं विचार घुसत नाही, उलट माणूस मोकळा होतो. उत्तर हो आलं तर एकटं सोडू नका, त्याच दिवशी दवाखाना. फवारणीची औषधं आजच घरातून हलवा, खळ्यावर कुलपात किंवा दुसऱ्याच्या घरी. गार्डच्या नोकरीसाठी लायसनची बंदूक घेतली असेल तर ती पोलीस ठाण्यात जमा करता येते. आणि तसा प्रयत्न घडलाच तर केसच्या भीतीनं लपवू नका: 2017 च्या मानसिक आरोग्य कायद्यानं अशा माणसाला तीव्र तणावाखाली असल्याचं धरलं जातं, त्याला शिक्षेची नाही, उपचारांची तरतूद आहे.

कागदपत्रं एका फायलीत ठेवा: डिस्चार्ज बुक, निवृत्तीच्या वेळच्या मेडिकल बोर्डाचे कागद, आताच्या सगळ्या चिठ्ठ्या. आजार सेवेमुळे झाला किंवा वाढला असं ठरलं तर अपंगत्व पेन्शनचा दावा करता येतो. अर्ज रेकॉर्ड ऑफिसकडे जातो, जिल्हा सैनिक कल्याण कार्यालयात त्याबद्दल मार्गदर्शन मिळतं, आणि नाकारला गेला तर सशस्त्र दल न्यायाधिकरणाच्या मुंबई खंडपीठाकडे दाद मागता येते.

शेवटचं तुमच्याबद्दल. पत्रात तुम्ही स्वतःविषयी एकच वाक्य लिहिलं आहे, की मलाही रात्री झोप लागत नाही. पॉलिक्लिनिकला जाल तेव्हा तुमचंही कार्ड घ्या. बायको म्हणून तुम्हालाही त्या योजनेत उपचार मिळतात. त्यांच्यानंतर खुर्चीत तुम्ही बसा आणि डॉक्टरांना तुमच्या झोपेचं, डोकेदुखीचं, चिडचिडीचं सांगा. त्यांनी हात उचलला असेल तर तेही सांगा. आजार आहे म्हणून मार खायचा नसतो, आणि त्या रात्री पोरांना घेऊन कुणाकडे जायचं ते घर आजच ठरवून ठेवा.